अरबी मिष्टान्नांचे ग्रंथ आणि ‘नेहमींची रीत’

पाकशास्त्राच्या पुस्तकांस वाङ्मयाच्या पंगतींत पान मांडावें कीं त्यांस स्वयंपाकघराच्या उंबऱ्याआडच ठेवावें, हा प्रश्न आपल्या टीकाकारांनीं फारसा मनावर घेतलेला नाहीं. काव्य, नाटक, कादंबरी, फार झालें तर प्रवासवर्णन व आत्मचरित्र, येथपर्यंत आपली समीक्षा जाते. त्यापुढील पुस्तकांस ‘उपयुक्त’ असा शेरा देऊन ती मोकळी होते. जणूं काय उपयुक्तता आणि वाङ्मयगुण हीं दोन्ही एका घरांत नांदूंच शकत नाहींत! प्रस्तुत लेखकाचाहि ग्रह पुष्कळ वर्षें असाच होता. तो ढळण्यास अरबी मिष्टान्नांविषयींचीं कांहीं पुस्तकें कारण झालीं. तीं वाचतां वाचतां असें ध्यानांत आलें कीं, या प्रांतांत शब्दाची परीक्षा फार कठोर आहे. कवितेंतील एखादी ओळ फसली तर रसिक पान उलटतो. पण भट्टींत घालावयाच्या पदार्थाचें एक वाक्य फसलें तर त्याची शिक्षा सगळ्या कुटुंबास होते.

मिष्टान्नेंच कां घेतलीं, असें कोणी विचारील. भाजी किंवा आमटी चुलीवर आहे तोंपर्यंत ती सुधारतां येते. मीठ कमी पडलें तर वरून घालावें, तिखट अधिक झालें तर गुळाचा खडा टाकावा. भट्टींत गेलेल्या पदार्थाचें तसें नाहीं. दार लागलें कीं करणाराचा अधिकार संपला. त्यानंतर अग्नीचें राज्य. म्हणून अशा पदार्थाची कृती लिहिणारास सगळें आधींच सांगून ठेवावें लागतें. आणि तो काय सांगतो व काय गृहीत धरतो, यावरून तो कोणाशीं बोलत आहे, हें स्पष्ट कळून येतें. लेखक आणि वाचक यांच्या नात्याची इतकी नेमकी कसोटी दुसऱ्या थोड्याच वाङ्मयप्रकारांत सांपडेल.

या ग्रंथांत वयाचा नव्हे, पण कीर्तीचा पहिला मान महंमद बिन अल्-हसन अल्-बगदादी याच्या ‘किताब अल्-तबीख’ला द्यावा लागेल. हा ग्रंथ इ. स. १२२६ मधील. त्याचें हस्तलिखित इस्तंबूल येथें राहिलें. १९३४ सालीं दाऊद चेलेबी यांनीं तें मोसुल येथें छापून काढलें, आणि १९३९ सालीं ए. जे. आर्बेरी या पंडितांनीं त्या छापील प्रतीवरून इंग्रजी भाषांतर केलें. हें भाषांतर कोठें प्रसिद्ध झालें, हें ऐकून महाराष्ट्रीय वाचकांस कौतुक वाटेल. लंडनच्या किंवा कैरोच्या मासिकांत नव्हे, तर दक्षिण हैदराबादेहून निघणाऱ्या ‘इस्लामिक कल्चर’ या त्रैमासिकांत! त्या काळीं आपला मराठवाडा त्याच संस्थानांत मोडत होता. बगदादची भट्टी इंग्रजी भाषेंत पहिल्यानें पेटली ती अशी आपल्या शेजारीं. पुढें चार्ल्स पेरी यांनीं मूळ हस्तलिखिताकडे जाऊन नवें भाषांतर सिद्ध केलें व तें २००५ मध्यें बाहेर आलें.

ग्रंथाची प्रस्तावना छोटी, पण फार खुमासदार आहे. मनुष्याच्या सुखांचे सहा वर्ग पाडून ग्रंथकार अन्न, पान, वस्त्र, स्त्रीसुख, सुगंध आणि नाद असा अनुक्रम लावतो, व त्यांत अन्नास अग्रपूजेचा मान देतो. आपणांस अन्नाचें सुख सर्वांत प्रिय आहे, हें सांगण्यास त्यास मुळींच संकोच वाटत नाहीं. नंतर तो आचाऱ्यास उपदेश करतो. नखें काढलेलीं असावीं. भांडें दगडाचें उत्तम, मातीचें मध्यम, आणि तांब्याचें वापरावयाचेंच झालें तर तें कल्हईचें असावें. कल्हई उडालेल्या तांब्यांतील अन्नाइतकें त्याज्य कांहीं नाहीं. लांकूड ऑलिव्हसारखें कोरडें व कमी धुराचें घ्यावें, अंजिराचें घेऊं नये. हें वाचतांना आपल्याच घरांतील एखाद्या वडीलधाऱ्या बाईचा आवाज कानीं पडल्यासारखा वाटतो. आणि ‘कल्हई’ हा आपला शब्दहि मूळचा अरबीच आहे.

याहून जुना ग्रंथ म्हणजे इब्न सय्यार अल्-वर्राक याचा. दहाव्या शतकांतील बगदादच्या खलिफांच्या मुदपाकखान्याचा हा कोश १३२ प्रकरणांचा असून त्यांतील पाककृतींची संख्या सहाशेंच्या वर जाते. नवाल नस्रल्लाह या विदुषींनीं त्याचें सटीप इंग्रजी भाषांतर २००७ मध्यें प्रसिद्ध केलें. या ग्रंथाचें वैशिष्ट्य हें कीं, येथें काव्य आणि पाक एकाच पाटावर बसलेले आहेत. कृतीमागून कृती येतात आणि मध्येंच त्या पदार्थाची स्तुती करणारीं कवनें येतात. हा केवळ ग्रंथकाराचा लहरीपणा नव्हे. तो त्या दरबाराचा शिष्टाचार होता. हारून अल्-रशीदचा सावत्र भाऊ इब्राहीम बिन अल्-महदी हा राजपुत्र स्वतः गायक, कवि आणि पाकशास्त्रज्ञ होता. ९४४ ते ९४६ पर्यंत गादीवर असलेल्या अल्-मुस्तक्फी या खलिफाच्या एका बैठकीची हकीकत अल्-मसऊदी या इतिहासकारानें दिली आहे. तींत एकेक दरबारी एकेका पदार्थावरील कविता म्हणतो, आणि कवितेंत वर्णिल्याबरहुकूम तो पदार्थ सिद्ध करून आणण्याची आज्ञा खलिफा देतो. कवितेवरून पदार्थ करावयाचा, म्हणजे कवितेचा अर्थ जिभेनें लावावयाचा! यापेक्षां अधिक प्रामाणिक टीका कोणत्या दरबारांत झाली असेल?

इब्न अल्-रूमी (८३६–८९६) या कवीनें ‘लौझीनज’वर लिहिलें आहे. ही बदामाचें सारण अतिशय पातळ पापुद्र्यांत गुंडाळून तेलांत व सुगंधी पाकांत भिजविलेली वडी होय. झलाबिया तळणाऱ्या कारागिरावरहि त्याची कविता प्रसिद्ध आहे. परंतु या सगळ्या खाद्यकाव्यांत एक उणीव डोळ्यांत भरते. तीं बहुतेक खाणाराच्या डोळ्यांनीं लिहिलेलीं आहेत. पापुद्रा किती पारदर्शक, रंग कसा सोन्यासारखा, याची उपमांवर उपमा रचून वर्णनें येतात. पण पीठ मळणाऱ्या हाताचा थकवा तेथें शोधूं गेल्यास क्वचितच दिसतो. झलाबियावाल्याची कविता मोलाची वाटते ती याचसाठीं, कीं तेथें कवीची दृष्टि पदार्थावरून हाताकडे वळली.

आतां मूळ मुद्द्याकडे येऊं. अल्-बगदादीनें ‘खुश्कनानज’ या भाजलेल्या पक्वान्नाची कृती दिली आहे. तिचा सारांश असा. एक रत्तल शुभ्र पिठास तीन ऊकिया तिळाचें तेल चोळावें, घट्ट मळावें, फुगण्यास ठेवावें, लांबट गोळे करून त्यांत बदामाची पूड व सुवासिक साखर गुलाबपाण्यांत कालवून भरावी, बदाम साखरेच्या निमपट असावे, नेहमींच्या रीतीनें कडा मिटाव्या आणि भट्टींत भाजून काढावें. झाली कृती! रत्तलाच्या बारा ऊकिया होतात; तेव्हां मोहन पिठाच्या चतुर्थांश, म्हणजे ४०० ग्रॅम पिठास १०० ग्रॅम तेल, इतका हिशेब त्यावरून बसतो. पण खमीर घालावें कीं काय, घातल्यास किती, पीठ किती वेळ ठेवावें, भट्टी किती तापलेली असावी, या प्रश्नांस ग्रंथकार उत्तर देत नाहीं.

पाककृतीची समीक्षा केवळ आरामखुर्चींत बसून करणें अन्यायाचें होईल, म्हणून आमच्या घरांतील मंडळींनीं हा प्रयोग दोनदां केला. पहिल्या वेळीं ग्रंथांत खमिराचें नांव नाहीं म्हणून तें घातलें नाहीं. परिणामीं जें बाहेर आलें तें दांतांची परीक्षा पाहणारें होतें. ‘फुगण्यास ठेवावें’ या सूचनेंतच खमीर आलें, हें तेव्हां आमच्या डोक्यांत शिरलें. दुसऱ्या वेळीं खमीर घातलें आणि कडांस करंजीसारखी मुरड घातली. कारण आमची ‘नेहमींची रीत’ तीच! पीठ भट्टींत फुगलें, मुरड उकलली, आणि दुप्पट साखरेचें सारण वितळून ताटलीवर वाहिलें. जें आंत राहिलें त्याची चव मात्र उत्तम होती. गुलाब, बदाम आणि तिळाचें तेल यांचा तो मेळ आमच्या जिभेस अगदीं परका वाटला नाहीं.

या अपयशांतून एक वाङ्मयीन सत्य हातीं लागलें. अल्-बगदादीचा ग्रंथ हा सूत्रग्रंथ आहे. आपल्याकडील सूत्रकारांप्रमाणेंच तो अर्धी मात्रा वांचविण्यांत आनंद मानतो. कारण त्याच्या भोंवतीं जिवंत परंपरा आहे. ‘नेहमींची रीत’ त्याच्या वाचकाच्या हातांत आहे. शेजारच्या घरांत आहे. कोपऱ्यावरच्या भटारखान्यांत आहे. ती लिहून ठेवण्याची गरज त्यास कां वाटावी? रोज उगवणाऱ्या सूर्याची दिशा कोणी लिहून ठेवीत नाहीं. आणि या लेखनानंतर अवघ्या ३२ वर्षांनीं, १२५८ सालीं, हुलागूच्या मोंगल सैन्यानें बगदाद धुळीस मिळविलें. ग्रंथ राहिला, पण त्यांतील ‘नेहमींप्रमाणें’ या शब्दाचा अर्थ सांगणारे किती हात त्या प्रलयांत नाहींसे झाले असतील, याचा विचार मनांत आल्यावांचून राहत नाहीं. समृद्धीच्या काळीं लिहिलेली कृती त्रोटक असते. वियोगाच्या काळीं लिहिलेली सविस्तर होते. हा नियम मनाशीं धरून आतां आपण आधुनिक ग्रंथांकडे वळूं.

क्लॉडिया रोडन या बाईंचा जन्म १९३६ सालीं कैरो येथें एका ज्यू कुटुंबांत झाला. १९५६ च्या सुएझ प्रकरणानंतर इजिप्तमधील ज्यू समाज देशोधडीस लागला. लंडनमध्यें आलेल्या या पांगलेल्या आप्तेष्टांनीं एकमेकांस पुन्हां भेट होईल न होईल या धास्तीनें जें मागितलें, तें म्हणजे पदार्थांच्या कृती. त्या गोळा करतां करतां १९६८ सालीं ‘अ बुक ऑफ मिडल ईस्टर्न फूड’ हा ग्रंथ जन्मास आला. याच ग्रंथासाठीं बाईंनीं आर्बेरींचें तें हैदराबादचें भाषांतर धुंडाळून अल्-बगदादीस आपल्या पानांत बसविलें, ही गोष्ट ध्यानांत ठेवण्याजोगी आहे. त्यांच्या लेखनांत कृतीबरोबर माणूस येतो. अमुक पदार्थ कोणाच्या घरचा, तो कोणत्या सणास होई, हें सांगतां सांगतां मध्येंच एखादी म्हण, एखादी गोहाची विनोदी गोष्ट येते. ‘नेहमींची रीत’ जेथें तुटली, तेथें बाईंनीं ती आठवणीच्या धाग्यानें सांधली आहे.

या ग्रंथाच्या वाचनानें अरबी मिष्टान्नांचे दोन वर्गहि स्पष्ट होतात. एक हलवायाच्या दुकानचा व दुसरा घरचा. नाबुलुसची चीज घातलेली कुनाफा किंवा अनेक पापुद्र्यांची बकलावा हीं बहुधा बाजारचीं कामें. त्यांस मोठीं परातें, सरावलेला हात आणि सतत पेटती भट्टी लागते. घरच्या वर्गांत आपल्या नानकटाईची बहीण शोभेल अशी गुरैबा येते, रव्याची बसबूसा येते, आणि सर्वांची राणी मअमूल येते. मअमूलसाठीं रव्यास तूप किंवा लोणी चोळून तो रात्रभर ठेवितात, म्हणजे कण न् कण स्निग्धता पितो. दुसऱ्या दिवशीं गुलाबपाणी किंवा नारिंगाच्या फुलांचें पाणी शिंपडून तो मळतात. कोणी रुमी मस्तकी, कोणी महलब म्हणजे एका रानचेरीच्या बियांतील मगज कुटून घालतात. खजूर, अक्रोड किंवा पिस्ते यांचें सारण भरून गोळा कोरीव लांकडी साच्यांत दाबावयाचा आणि साचा पाटावर आपटून तो मोकळा करावयाचा. साच्याचा आकार पाहून आंतील सारण ओळखावें, अशी सोय असते. भट्टींतून काढतांना त्याचा रंग गोराच राहिला पाहिजे. तांबूस झाला कीं बिघडला. हें काम एकटीचें नव्हे. ईदेच्या आधीं मुसलमान बायका आणि ईस्टरच्या आधीं ख्रिस्ती बायका एकत्र जमून हें करतात. पूर्वीं पुष्कळ घरांत भट्टी नसे. तेव्हां भरलेलीं ताटें डोक्यावरून आळींतील सार्वजनिक भट्टीवर जात. एकाच साच्यांतून निघालेला पदार्थ दोन धर्मांच्या सणांस चालतो, ही गोष्ट पुष्कळ व्याख्यानांपेक्षां अधिक सांगून जाते.

तरी रोडनबाईंच्या ग्रंथावर एक आक्षेप घेणें प्राप्त आहे. स्मृति ही उदार असते, पण ती नि:पक्षपाती नसते. त्यांच्या आठवणींतील कैरो हें सुखवस्तु घराचें कैरो आहे. त्या घरांतील भांडीं कोणी घांसलीं आणि बदाम कोणी सोलले, याचा हिशेब त्या स्मृतींत पुसट होतो. खलिफाच्या दरबारीं कवींत जी उणीव दाखविली, तीच येथें अधिक सौम्य रूपानें परत येते.

नवाल नस्रल्लाह यांचा मार्ग निराळा. बगदाद व मोसुल येथील विद्यापीठांत इंग्रजी वाङ्मय शिकविलेल्या या बाई १९९० मध्यें अमेरिकेंत गेल्या, आणि २००३ सालीं, म्हणजे ज्या वर्षीं इराकवर पुन्हां युद्ध कोसळलें त्याच वर्षीं, त्यांचा ‘डिलाइट्स फ्रॉम द गार्डन ऑफ ईडन’ हा इराकी अन्नाचा बृहद्ग्रंथ प्रसिद्ध झाला. रोडनबाई जर कीर्तनकार, तर या भाष्यकार. प्रत्येक पदार्थाचें मूळ, नांवाची व्युत्पत्ति, मध्ययुगीन ग्रंथांतील पुरावा आणि आजची घरगुती रीत, अशा चार पायऱ्यांनीं त्या वाचकास नेतात. इराकचें घरगुती पक्वान्न जें क्लेइचा, त्याचें पीठ वेलदोड्यानें सुगंधित करून त्यांत मऊ खजूर पसरावा, वळकटी करावी, काप पाडावे, वरून अंडें लावून भाजावें. याची रीत त्या इतक्या स्वच्छ सांगतात कीं अनभिज्ञ मनुष्यहि फसूं नये. अल्-वर्राकच्या भाषांतरास त्यांनीं जोडलेला विस्तृत शब्दकोश तर संशोधकांस वरदानच आहे.

पण भाष्यकाराचा मोहहि त्यांच्याकडे आहे. क्लेइचाचा धागा प्राचीन अक्कादी काळांतील खजुराच्या एका पक्वान्नापर्यंत पोंचविण्याची त्यांची धडपड आदरणीय खरी. परंतु पदार्थाचें साम्य आणि परंपरेचें सातत्य या दोन गोष्टी भिन्न आहेत. जेथें गहूं, खजूर आणि अग्नि आहे तेथें खजुराची पोळी कोणालाहि, कधींहि सुचेल. ज्याचा देश डोळ्यांदेखत उद्ध्वस्त होत आहे, त्यास आपली परंपरा अखंड आहे असें म्हणण्याची तहान लागते. ती समजून घ्यावी; पण टीकाकारानें तीस पुरावा मानूं नये.

हाच विवेक आपणहि पाळला पाहिजे. जिलेबीचें नांव झलाबियावरून आलें. हलवा, मुरंबा आणि खमीर हे शब्द अरबींतून आले. उलट आपली ‘शर्करा’ इराणांत ‘शकर’ व अरबस्तानांत ‘सुक्कर’ होऊन गेली. म्हणजे आपण त्यांस साखरेचें नांव दिलें आणि त्यांनीं आपणांस हलव्याचें परत केलें. हा व्यवहार गोड आहे, पण त्यावरून ‘सगळें मूळचें आमचेंच’ किंवा ‘सगळें मूळचें त्यांचेंच’ अशी आरोळी ठोकणें हास्यास्पद होईल. शब्द प्रवास करतो. पदार्थ प्रवास करतो. दोघे नेहमीं एकाच गाडीनें जातात असें नाहीं.

तात्पर्य काय? शैलीच्या नेटकेपणांत अल्-बगदादी श्रेष्ठ. व्यासंगांत नस्रल्लाह श्रेष्ठ. पण वाङ्मय या नांवास सर्वांत अधिक पात्र ग्रंथ रोडनबाईंचा, असा आमचा अभिप्राय आहे. कारण, दोष असूनहि, कृती ही एका माणसानें दुसऱ्या माणसास सांगितलेली गोष्ट आहे, हें त्यांनीं ओळखलें. जें वाचून परक्या घरांतील परका हात तोच पदार्थ पुन्हां निर्माण करूं शकतो, आणि करतांना त्या मूळच्या घराची ऊब त्यास जाणवते, तें लेखन वाङ्मय नव्हे तर काय?

हा प्रश्न केवळ बगदाद-कैरोचा नाहीं. आमच्या मातोश्री खाजाचे कानवले करीत. त्यांस एकदां आम्हीं मोहनाचें प्रमाण विचारलें तेव्हां त्या म्हणाल्या, “नेहमींइतकें!” तें उत्तर ऐकून आम्ही हसलों आणि पुन्हां विचारलें नाहीं. आज ते कानवले आमच्या घरांत कोणासहि साधत नाहींत. पापुद्रा सुटतो, पण तसा नाहीं. अल्-बगदादीस दोष देण्याचा अधिकार त्यामुळें आम्हांस कितपत पोंचतो, हें वाचकांनींच ठरवावें. ज्यांच्या घरीं ‘नेहमींची रीत’ अजून एखाद्या वृद्ध हातांत शिल्लक असेल, त्यांनीं मात्र वही घेऊन आजच त्या हाताशेजारीं बसावें. आणि उत्तर ‘नेहमींइतकें’ असें आलें, तर तें पीठ तागडींत घालून पाहावें.